आतून वाजलेली शिट्टी

आमच्या डेपोत त्याला सगळे डबलबेल म्हणायचे. कंडक्टरने दोरी ओढून एकदा घंटा दिली तर गाडी थांबवायची आणि दोनदा दिली तर सोडायची, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. बाकीचे कंडक्टर दोरीला हिसका देऊन मोकळे होतात. हा मात्र दोन घंटा मोजून द्यायचा, मध्ये सारखं अंतर ठेवून. तो शिंकतोही दोनदाच, असं कॅन्टीनवाला म्हणायचा, आणि ते खरं होतं. मी स्वतः मोजलंय.

मी त्या डेपोचा कंट्रोलर. स्टँडवरच्या काचेच्या केबिनमध्ये बसून माइकवरून गाड्या पुकारायच्या आणि कोणत्या ड्रायव्हरबरोबर कोणता कंडक्टर जाणार ते रजिस्टरात लावायचं, एवढंच माझं काम. हुद्द्याचं नाव तेवढं भारदस्त.

डबलबेलची बायको सहा वर्षं शाळेची व्हॅन चालवत होती. डेपोत ड्रायव्हरांची भरती निघाली, तेव्हा तिने अर्ज केला आणि चाचणीत पहिली आली. आमच्याकडची पहिली बाई ड्रायव्हर. सहा महिन्यांची परीक्षा, त्यात एकही डाग नको, मग पक्की नेमणूक. शिवाय आणखी चार बायकांचे अर्ज मॅनेजरसाहेबांच्या टेबलावर पडून होते. साहेब स्पष्टच म्हणाले होते, "आधी हिचं काय होतं ते बघू, मग त्यांचं." म्हणजे एकटीच्या पाठीवर पाच जणींचं ओझं. पुरुष ड्रायव्हरने गाडी ठोकली तर तो एकटा ठोकतो. बाईने ठोकली की बायकांनी ठोकली असं होतं. हा हिशेब कुणी लिहून ठेवलेला नाही, पण सगळ्यांना पाठ असतो.

तिच्याबरोबर ड्यूटीला जायला एकही कंडक्टर तयार होईना. एकाची पाठ धरली. दुसऱ्याला घरून परवानगी नव्हती. तिसरा म्हणाला, "काका, माझा जीव काय स्वस्त झालाय का?" दोन दिवस तिच्या नावापुढची जागा रिकामी राहिली. तिसऱ्या दिवशी डबलबेल केबिनमध्ये आला, माझ्याच पेनाने तिथे सही केली आणि म्हणाला, "काका, मी जातो हिच्याबरोबर. घरी तरी दुसरं काय करतो?" आम्ही दोघं हसलो. मला तेव्हा त्याचं कौतुक वाटलं होतं, हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढे मी जे केलं त्यात कौतुकासारखं काही नाही.

त्यांनी दोघांत एक नियम केला होता. घरी ती त्याला अहो म्हणायची, तो तिला अगं म्हणायचा. गाडीत ती त्याला "कंडक्टर" आणि तो तिला "ड्रायव्हर". घरचं गाडीत आणायचं नाही, गाडीचं घरी न्यायचं नाही. आमच्या क्वार्टर शेजारीशेजारी, मधली भिंत एका विटेची. आई, म्हणजे डबलबेलची आई, सुनेला सकाळी पाचला हाक मारायची ती मला गजरासारखी उपयोगी पडायची. म्हातारी सुनेवर कुरकुरायची, पण डबा भरून द्यायची. "बाईमाणसाने एवढं मोठं धूड हाकायचं म्हणजे काय," असं म्हणत म्हणत पाण्याची बाटलीही पिशवीत टाकायची.

आता आमच्या स्टँडची एक गोष्ट समजून घ्यायला हवी. तिथे गाड्या फलाटाला तोंड लावून उभ्या राहतात, त्यामुळे सुटताना प्रत्येक गाडी आधी मागे घ्यावी लागते. ड्रायव्हरला आरशात बाजू दिसते, पण बंपरच्या अगदी मागचं काही दिसत नाही. म्हणून कंडक्टरने खाली उतरायचं, गाडीच्या मागे उभं राहायचं आणि शिट्टी वाजवायची. तुटक तुटक वाजली की येऊ दे, लांबलचक वाजली की थांब. सगळे कंडक्टर सगळ्या ड्रायव्हरांसाठी हे करतात. त्याला कुणी काही म्हणत नाही, कारण त्यात म्हणण्यासारखं काहीच नाही.

डबलबेल बायकोसाठी तेच करायला लागला आणि बाकावर बसलेल्यांची करमणूक सुरू झाली.

माझ्या केबिनसमोर एक लांब बाक होता. ड्यूटी सुटलेले ड्रायव्हर-कंडक्टर तिथे चहा घेत बसायचे. मधली जागा वस्तादची. वस्ताद म्हणजे डेपोतला सगळ्यांत जुना ड्रायव्हर. निम्म्या डेपोला त्यानेच स्टिअरिंग धरायला शिकवलं होतं. माणूस वाईट नव्हता, पण प्रेक्षक मिळाले की सुटायचा. डबलबेल खाली उतरला की तो बसल्या जागेवरून उठून उभा राहायचा आणि हात जोडायचा. "या नवरदेव, या. मालकीणबाईंना मागे यायचंय, वाट दाखवा." बाक हसायचा. मीही हसायचो. डबलबेलही हसायचा पहिल्या पहिल्यांदा. मग त्याने हसणं सोडलं. मग कॅन्टीनमध्ये तो आत शिरला की कुणीतरी तोंडाने बारीक शिट्टी वाजवू लागलं. चहाचा कप तोंडाला लावला की शिट्टी. हात धुवायला गेला की शिट्टी. हसतील त्यांचे दात दिसतील, असं मी त्याला एकदा म्हणालो. तो म्हणाला, "काका, दात तुमचेही दिसतात." मला राग आला, कारण ते खरं होतं.

त्याला पोटदुखी सुरू झाली ती त्याच सुमाराला. सकाळी स्टँड जवळ आलं की पोटात गोळा यायचा. गाडी वेळेवर पोचेल की नाही ही भीती नव्हती, प्रवाशांची नव्हती. भीती फक्त त्या चार पायऱ्यांची, उतरून मागे जाण्याची. तीस पावलं, आणि त्या तीस पावलांवर सगळ्यांचे डोळे. बायकोला हे सांगायचं तरी कसं? ती सकाळी आरशासमोर गणवेशाची कॉलर नीट करताना विचारायची, "तोंड का असं?" तो म्हणायचा, "अपचन."

पाचवा महिना संपत आला होता. सकाळचे दहा चाळीस. गाडी भरलेली, तिने इंजिन सुरू केलेलं. बाकावर सात-आठ जण. वस्ताद उठला, हात जोडायच्या तयारीत. मी केबिनमध्ये, हातात माइक. मला काचेतून सगळं स्पष्ट दिसत होतं, आणि म्हणूनच मला नाही म्हणायची सोय नाही.

डबलबेल उतरला नाही. तो गाडीत मागच्या सीटपर्यंत गेला, मागच्या उघड्या खिडकीतून डोकं बाहेर काढलं, डावीकडे-उजवीकडे बघितलं आणि तिथूनच शिट्टी वाजवू लागला. तुटक तुटक. येऊ दे.

माझ्या मनात काय आलं तेही सांगतो. मला वाटलं, आज वस्तादची फजिती झाली. मी गालातल्या गालात हसलो. माइक माझ्या हातात होता. "कंडक्टर, खाली उतरा," एवढे तीन शब्द पुरे होते.

गाडीच्या मागे एक घड्याळदुरुस्तीवाला खाली वाकला होता. त्याची पिशवी फाटली होती आणि बारीकसारीक सुटे भाग जमिनीवर सांडले होते, ते तो वेचत होता. खिडकीतून तो दिसणं शक्यच नव्हतं. बंपरचा धक्का बसून तो पडला आणि त्याचा डावा पाय चाकाखाली आला. लोक ओरडले, तिने करकचून ब्रेक मारला. नडगीचं हाड मोडलं. जीव वाचला, हात शाबूत राहिले, त्यामुळे त्याचा धंदा बुडाला नाही. पण त्या वेळी ते कुणाला माहीत होतं? त्या वेळी फक्त तो किंचाळत होता आणि ती स्टिअरिंग धरून पांढरीफटक बसली होती.

अपघाताचा फॉर्म मीच भरायचा असतो. त्यात एक प्रश्न छापलेला आहे: गाडी मागे घेताना कंडक्टर खाली होता काय? होय किंवा नाही. डबलबेल समोर उभा होता. मी विचारलं, "उतरला होतास ना?"

प्रश्न असा विचारतात का? "उतरला होतास का" असं विचारायला हवं होतं. मी उत्तर हातात देऊनच विचारलं. त्याने मान हलवली आणि मी "होय"वर खूण केली. "नाही"वर केली असती तर पुढचा प्रश्न मला आला असता, की तुम्ही पाहत होतात तर बोललात का नाही. तेरी भी चूप, मेरी भी चूप.

एका खुणेने सगळा दोष तिच्यावर गेला. कंडक्टर खाली होता, शिट्टी देत होता, तरी माणूस चिरडला, म्हणजे ड्रायव्हरने थांबण्याची शिट्टी ऐकली नाही. तिचं लायसन्स जमा झालं, चौकशी चौथ्या दिवशी ठरली. बाकावर कुणी जोरात काही बोललं नाही. हळूच बोलले. "शेवटी बाईच ती." वस्तादने मात्र त्या दिवशी तोंडच उघडलं नाही. त्यालाही बाकावरून सगळं दिसलं होतं, हे मला नंतर उमगलं. खाई त्याला खवखवे.

भिंतीपलीकडून मला पहिल्या संध्याकाळी फक्त तिचाच आवाज ऐकू आला. ती साबणाच्या डबीची गाडी करून, फरशीवर खडूने फलाट आखून, पुन्हा पुन्हा तीच गाडी मागे घेत होती. "अहो, तुमची लांब शिट्टी मी इथे ऐकायला हवी होती. बरोबर? तुम्ही इथे उभे होतात. इथेच ना?"

"हो."

"आणि तो माणूस?"

"अगं, आता पुरे कर."

"पुरे कसं करू? तुम्ही शिट्टी दिली आणि मला ऐकू आली नाही, असं कसं होईल?"

आई म्हणाली, "मी म्हटलं होतंच." मग थोड्या वेळाने म्हणाली, "दोन घास खाऊन घे पोरी. उपाशीपोटी डोकं चालत नाही." सून जेवली की नाही ते कळलं नाही. डबलबेल जेवला नाही. तो रात्रभर उठून पाणी पीत होता. माठावरचं झाकण दर तासाला वाजत होतं.

दुसऱ्या दिवशी तिने ठरवलं की कान तपासून घ्यायचे. त्या सकाळी शिट्टी नेहमीपेक्षा जवळून आल्यासारखी वाटली होती, असं ती म्हणाली. आवाज जवळचा की लांबचा हेच कळत नसेल तर कानातच काहीतरी बिघाड असणार. डबलबेल तिच्याबरोबर दवाखान्यात गेला. पुढचं त्याने मला त्याच दुपारी सांगितलं, माझ्या पायरीवर बसून, मान वर न करता.

तिथे काचेची एक बंद पेटी असते, माणूस उभा राहील एवढी. तिला आत बसवलं, कानांवर जाड फोन लावले, हातात एक बटण दिलं. आवाज ऐकू आला की बटण दाबायचं. पेटीबाहेर एक लहान दिवा, बटण दाबलं की लागणारा. हा बाहेर खुर्चीवर. ती डोळे मिटून, कपाळाला आठ्या घालून ऐकत होती, आणि दिवा लागत होता. लागत होता, लागत होता. इतका बारीक आवाज की तपासणाऱ्या मुलीलाही आश्चर्य वाटलं. "ताई, तुमचे कान माझ्यापेक्षा चांगले आहेत," ती मुलगी म्हणाली.

"मला वाटलं ती खूश होईल, काका," डबलबेल म्हणाला. "ती बाहेर आली आणि रडायला लागली. म्हणाली, कान खराब असते तर बरं झालं असतं. आता दोष माझ्यातच आहे. मी शिट्टी ऐकली असणार आणि घाबरून ब्रेकच मारला नसणार. बायकांचं असंच होतं म्हणतात ते खोटं नाही. ती असं म्हणाली, काका. ती! पाच महिन्यांत एकदाही तिचा क्लच चुकलेला मी पाहिलेला नाही."

मी म्हणालो, "सांगून टाक तिला."

"सांगतो. पण ती विचारेल ना, का उतरला नाहीत म्हणून? काय सांगू? पाय दुखत होता म्हणू?"

"म्हण की."

इतका वेळ खाली असलेली मान त्याने आता वर केली. मला वाटलं आता हा मला बोलणार. तो फक्त म्हणाला, "तुम्ही फॉर्म बदलाल का?"

मी म्हणालो, बघू. बघू म्हणजे नाही, हे दोघांनाही कळलं. घरी परत गेल्यावर त्याने तिला काहीच सांगितलं नाही. दोनदा सुरुवात केली, "अगं ऐक ना," एवढंच भिंतीतून आलं, आणि दोन्ही वेळा पुढे विचारलं ते चहा टाकू का. मला त्याचा संताप आला. माणसाला स्वतःचा संताप दुसऱ्यावर काढता येतो हे फार बरं असतं.

चौकशी सकाळीच मॅनेजरसाहेबांच्या खोलीत झाली. टेबलापलीकडे साहेब, समोर तीन खुर्च्या. ती, तो आणि मी. दारापाशी वस्ताद, जुना ड्रायव्हर म्हणून मत द्यायला बोलावलेला. तिने इस्त्रीचा गणवेश घातला होता. हातात कानांचा रिपोर्ट. साहेबांनी काही विचारायच्या आतच ती म्हणाली, "साहेब, माझी चूक झाली. कंडक्टरने शिट्टी दिली होती, मीच थांबले नाही. मला काढायचं तर काढा, पण त्या चौघींच्या अर्जांवर माझं लिहू नका."

साहेबांनी पेन उचललं. तेवढ्यात डबलबेल उठून उभा राहिला.

"मी खाली उतरलो नव्हतो," तो म्हणाला. "शिट्टी मी आतून दिली. मागच्या खिडकीतून."

साहेब म्हणाले, "का? पाय दुखत होता? तब्येत बरी नव्हती?" ते खरं तर त्याला वाट काढून देत होते. नुसतं हो म्हणायचं होतं.

"नाही साहेब. लाज वाटली. बायकोच्या गाडीमागे उभं राहायची लाज वाटली. हे हसायचे. दुसरा कुणी ड्रायव्हर असता तर मी उतरलो असतो. रोज उतरतो." मग तो तिच्याकडे बोट दाखवून म्हणाला, "तिच्याइतकं शिट्टी ऐकून थांबणारं दुसरं कुणी मी पाहिलेलं नाही, साहेब. मी शिट्टी देत होतो येऊ दे अशी. ती आली."

साहेबांनी माझ्याकडे बघितलं. फॉर्म त्यांच्या हातात होता. "तुम्ही तर इथे होय लिहिलंय."

माझ्या आयुष्यात मी माइकवरून लाखभर वाक्यं बोललो असेन. त्या दिवशी एक वाक्य बोलायला मला किती वेळ लागला, विचारू नका. "मला दिसत होतं, साहेब," मी म्हणालो. "तो आत होता ते मला दिसत होतं." दारापाशी वस्तादनेही घसा खाकरला आणि हळूच म्हणाला, "मलाही." त्याने हात जोडले नाहीत. ते मागे बांधलेले होते.

ती आमच्याकडे बघत नव्हती. ती नवऱ्याकडे बघत होती. तिच्या चेहऱ्यावर काय होतं ते मला नीट सांगता येणार नाही. सुटकेचं काही नव्हतं, एवढं नक्की. "मी पेटीत बसले होते," ती म्हणाली, "डोळे मिटून. आणि तुम्ही बाहेर बसला होतात."

"हो."

"तुम्हाला माहीत होतं."

"हो."

साहेबांनी खाकरून निकाल सांगितला. तिच्यावर ठपका नाही, परीक्षा चालू राहील, चारही अर्ज पुढे जातील. डबलबेल दोन महिने निलंबित. मला लेखी समज. मग वातावरण हलकं करावं म्हणून असेल, साहेब तिला म्हणाले, "दोन महिन्यांनी पुन्हा तुमच्याच गाडीवर देतो यांना. झालं गेलं विसरून जा."

"नको साहेब," ती म्हणाली. आवाज चढलेला नव्हता. "गाडीवर हे नकोत मला. मला मागचं दिसत नाही. जो मागे असतो त्याच्यावरच सगळं असतं."

डबलबेलने मान हलवली, दोनदा. "बरोबर आहे तिचं," तो म्हणाला. जाण्यासाठी वळला, पण दारापाशी थांबला. पस्तीस-छत्तीस वर्षांचा माणूस, आमच्या सगळ्यांच्या देखत, वस्तादच्या देखत त्याने विचारलं, "घरी आलो तर चालेल ना?"

साहेबांनी पुढे सरकवलेलं लायसन्स घ्यायला तिने हात पुढे केला होता, तो तसाच टेबलावर राहिला.

"आई एकट्या आहेत सकाळपासून," ती शेवटी म्हणाली. "जा तुम्ही. त्यांचं जेवण बघा." मग साहेबांकडे वळून म्हणाली, "दहा चाळीसची गाडी माझी आहे. कंडक्टर कोण देताय?"

साहेबांनी माझ्याकडे बघितलं. रजिस्टर माझ्या मांडीवर उघडंच होतं, आणि तिच्या नावापुढे लिहायला माझ्याकडे अजून कुणीच नव्हतं.